उभ्या गावाच्या शोधात

२०१८ च्या जून महिन्यात मुंबईतील एका माहितीपट-निर्मात्याने मला बारा दृश्यांची यादी पाठवली. किल्लारीच्या भूकंपाला त्या वर्षीच्या ३० सप्टेंबरला पंचवीस वर्षे पूर्ण होणार होती आणि त्यानिमित्त तयार होणाऱ्या माहितीपटासाठी जुने चित्रण शोधून त्याचे हक्क मिळवून देण्याचे काम माझ्याकडे आले होते. यादीतील अकरा दृश्ये भूकंपानंतरची होती: ढिगारे, लष्कराचे जवान, मंत्र्यांचे दौरे, पत्र्याच्या शेडमधील शाळा, नव्या वसाहतींची पायाभरणी. बाराव्या ओळीत एवढेच लिहिले होते, ‘भूकंपाआधीचे गाव. रोजचे, साधे, चालेल ते.’ अकरा दृश्ये मला दीड महिन्यात मिळाली. बारावे हाती आले तेव्हा माहितीपट लोकांनी पाहून चार महिने उलटले होते.

मी मूळची लातूरची. २००६ पासून हेच काम करते. आमच्या व्यवसायात याला फुटेज रिसर्च म्हणतात; नातेवाइकांना मी ‘जुन्या फिल्मा शोधते’ असे सांगते आणि माझी एक मावशी त्याचा अर्थ भंगाराचा धंदा असा घेते, जो अगदीच चुकीचा नाही. एरवी कामाची रीत ठरलेली असते. संग्रहालयाच्या सूचीतून दृश्य निवडायचे, कोपऱ्यात वेळेचे आकडे धावत असलेली पाहणी-प्रत मागवायची, दिग्दर्शकाला कोणते सेकंद हवे आहेत ते नक्की करायचे आणि मग सेकंदाच्या किंवा मिनिटाच्या दराने, अमुक देशांसाठी, अमुक वर्षांसाठी, अमुक माध्यमासाठी असा परवाना घ्यायचा. १९४८ मध्ये सुरू झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे वृत्तपट आणि पुण्यात १९६४ पासून असलेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय ही आमची नेहमीची दोन दारे. २०२२ मध्ये ही दोन्ही राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. परदेशी वृत्तपटांचे दार तर २०१४ मध्ये घरबसल्या उघडले, कारण ब्रिटिश पाथेने आपले सुमारे ८५ हजार वृत्तपट यूट्यूबवर ठेवले.

मराठवाड्याचे चित्रण शोधणाऱ्याला मात्र आधी जुनी नावे पाठ करावी लागतात. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत हा मुलुख निजामाच्या राज्यात असल्यामुळे तोपर्यंतचे जे काही आहे ते ‘हैदराबाद’ या नावाखाली शोधावे लागते. अंबाजोगाईसाठी ‘मोमिनाबाद’ टाकून पाहावे लागते आणि बीडच्या इंग्रजी स्पेलिंगचे तर तीन-चार प्रकार आहेत. १९९३ च्या भूकंपाचेही तसेच आहे. सूच्यांमध्ये तो बहुतेक ठिकाणी ‘लातूर’ या नावाने आहे, त्यामुळे तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातील सास्तूरचे चित्रणही लातूरच्या खात्यात जमा झालेले असते. ही हातचलाखी एकदा अंगवळणी पडली की पहिली अकरा दृश्ये मिळवणे कठीण राहत नाही.

बाराव्याची अडचण वेगळी होती. कॅमेरा गावात येतो तो काहीतरी घडल्यावर. १९९२ च्या ऑक्टोबरपासून किल्लारी परिसरात धक्के बसू लागले होते, तरी तेव्हाचे फिरते चित्रण मला कोणत्याही सूचीत आढळले नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी जमीन हादरली आणि त्यानंतर जगभरचे कॅमेरे तिथे पोहोचले. पुढे बावन्न गावे जुन्या जागेवरून उठवून नव्या जागी वसवण्यात आली. म्हणजे ती गावे पडल्याचा पुरावा भरपूर आहे, पण रुंद दगड-मातीच्या भिंती, वर माळवद, पुढे ढाळज असलेली ती घरे उभी कशी दिसत होती, बोळ किती रुंद होते, वेशीतून आत येताना आधी काय दिसायचे, हे दाखवणारी चार मिनिटेही कुठल्या संग्रहात नाहीत. ज्या कॅमेऱ्यांना बातमीशी देणेघेणे नव्हते, त्यांच्याकडेच ते असणार हे मला उशिरा सुचले. लग्नाचे शूटिंगवाले!

१९९० च्या आसपास उमरगा, निलंगा, औसा अशा तालुक्याच्या गावी व्हिडिओ शूटिंग करणारे एक-दोघे तरी होतेच. लग्नाच्या कॅसेटमध्ये गाव आपोआप येते. नवरदेवाला मारुतीच्या पारावर नेणारा परण्या वेशीपासून निघतो, शूटिंगवाला त्याच्यापुढे उलटा चालत राहतो आणि मागची घरे, माळवदावर चढून पाहणाऱ्या बायका, पाणवठा, सगळे चौकटीत येऊन जाते. मी जुन्या फोटो स्टुडिओंच्या पाट्यांवरून, कॅसेटच्या डब्यांवर असलेल्या रबरी शिक्क्यांवरून आणि सोयऱ्याधायऱ्यांना विचारून नावांची यादी केली. बहुतेक ठिकाणी उत्तर एकच आले, की सीडी आल्यावर कॅसेटी रद्दीत गेल्या. एका ठिकाणी तर उत्तर डोळ्यांनीच दिसले. रस्त्याकडेच्या ज्वारीच्या रानात खांबाखांबांतून काळी चकचकीत फीत ताणून बांधलेली होती आणि वाऱ्याने तिचा भुंग्यासारखा आवाज येत होता. पाखरे बुजतात म्हणून ती लावतात. मी गाडी थांबवून ती बोटात धरून पाहिली. ती ऑडिओची नव्हती, अर्ध्या इंचाची व्हिडिओची होती. कुणाचे तरी लग्न दोन महिने उन्हात वाळत पडले होते.

२०१९ च्या जानेवारीत उमरग्याला एका काकांचे घर सापडले. त्यांनी व्हिडिओचा धंदा २००२ मध्येच सोडला होता, पण लोखंडी ट्रंकेत त्रेसष्ट कॅसेटी डांबराच्या गोळ्यांसह जपून ठेवल्या होत्या. जपण्याचे कारण जिव्हाळ्याचे नव्हते: या त्या कॅसेटी होत्या ज्यांचे पैसे गिऱ्हाइकांनी पूर्ण दिले नव्हते. प्रत्येक डब्यावर नवरा-नवरीची नावे आणि सोबतच्या वहीत बाकी. काकांनी एक डबा वेगळा काढून माझ्या हातात दिला.

“ताई, ह्याच्यावर लग्नाचं नाव हाय, पण आत दुसरं हाय. पैसे देईनात म्हणून मी त्याच्यावर गणपती घेतला. विसर्जनाचा. आन् मग सकाळचं बी थोडं हाय.”

“तुम्ही परत पाहिली का कधी?”

“न्हाई. तुमी बघा. मला लावून दाखवू नका म्हंजे झालं.”

१९९३ ची अनंत चतुर्दशी २९ सप्टेंबरला होती. गणपती बोळवून लोक घरी येऊन झोपले आणि पहाटे भूकंप झाला, हे आमच्या भागात लहान मुलालाही माहीत असते. काकांची सख्खी बहीण त्या पट्ट्यातील एका गावात दिलेली होती आणि तिच्या दिराच्या मंडळाने त्यांना विसर्जनाच्या शूटिंगला बोलावले होते. रात्री ते उमरग्याला परतले, पहाटेच्या हादऱ्याने उठले आणि बहिणीला पाहायला निघाले, तेव्हा कॅमेऱ्याची पिशवी मोटारसायकलला तशीच अडकवलेली होती.

फिल्म आणि व्हिडिओ यांतला एक फरक इथे सांगायला हवा, कारण आमची निम्मी काळजी त्यातून येते. फिल्मचे रीळ कितीही जुने असले तरी उजेडात धरले की चौकट दिसते. सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर फुटाला चाळीस चौकटी असतात आणि भिंगाने त्या मोजताही येतात. रिळाला शिर्क्यासारखा आंबट वास येऊ लागला तर ॲसिटेट कुजू लागले आहे हे नाकालाच कळते. चुंबकीय फीत मात्र मुकी असते. आत काय आहे हे यंत्रात घातल्याशिवाय कळत नाही आणि यंत्रात घालणे हेच तिच्यासाठी सर्वांत धोक्याचे असते. हे मी माझ्याच चुकीतून शिकले आहे. धंद्यात नवीन असताना परभणीकडच्या एका कीर्तनकारांची कॅसेट मी उतावीळपणे घरच्या व्हीसीआरमध्ये सरकवली. फितीच्या कडेला बुरशीचा पांढुरका थर होता तो मी धूळ समजले. फीत वाचणारे यंत्राचे हेड घाणीने भरले, पडद्यावर मुंग्या आल्या, आणि मी बंद करेपर्यंत यंत्राने फीत चावली होती. व्हीएचएसची फीत सेकंदाला २.३४ सेंटिमीटर वेगाने सरकते, त्यामुळे वीतभर फीत चुरगळली की आठ-नऊ सेकंद गेले असे समजावे. माझ्या हातून चांगली हातभर गेली. त्या कुटुंबाने मला एका शब्दाने दुखावले नाही, आणि ते जास्त लागले.

त्यामुळे उमरग्याच्या कॅसेटला मी तीन आठवडे यंत्राजवळसुद्धा नेले नाही. आधी ती सिलिका जेलच्या पुड्यांसह बंद डब्यात कोरडी होऊ दिली. मग तोंडाला मास्क लावून कवचाचे पाच स्क्रू काढले, दोन्ही चकत्या एका नव्या, स्वच्छ कवचात बसवल्या आणि फीत मऊ, तंतू न सुटणाऱ्या कापडावरून अगदी हळू पुढे-मागे गुंडाळून घेतली. कापडावर पहिल्या फेरीत करडा, दुसऱ्या फेरीत फिकट आणि तिसऱ्या फेरीत जवळजवळ काहीच डाग आला नाही, तेव्हा हात थांबवला. व्हीसीआर बनवणाऱ्या शेवटच्या जपानी कंपनीने, फुनाईने, २०१६ च्या जुलैमध्ये उत्पादन थांबवले, त्यामुळे यंत्र म्हणजे आता जुन्या यंत्रांच्या अवयवांवर जगणारे यंत्र. माझे एस-व्हीएचएस यंत्र मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून आणलेले आहे आणि त्याचे रबरी पट्टे लातूरचे एक मेकॅनिक बदलून देतात. ते सत्तरीचे आहेत आणि त्यांच्याकडे शिकायला कुणी येत नाही. चुंबकीय फितींवरचा ठेवा २०२५ च्या आत डिजिटल झाला नाही तर बराचसा हाताबाहेर जाईल, असा इशारा युनेस्को आणि ध्वनि-चित्र संग्रहपालांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने २०१९ मध्ये दिला होता. तो वाचताना माझ्या डोळ्यांपुढे फितीआधी हे मेकॅनिक आले.

चित्रण उतरवताना मध्ये टाइम बेस करेक्टर लावला, म्हणजे थरथरणाऱ्या रेषा जागेवर येतात, आणि फाइल एफएफव्ही-१ या पद्धतीने साठवली. कोणताही तपशील न गाळता दाब दिलेली ही पद्धत संग्रहालये वापरतात. अजिबात दाब न दिलेले दहा-बिटी चित्रण तासाला शंभर जीबीच्या घरात जाते, तेच यात निम्म्याच्या आसपास बसते.

कॅसेटवर एकेचाळीस मिनिटे मिरवणूक होती. मग एक झटका, आणि चार मिनिटे सकाळ. त्यानंतर काही सेकंद मुंग्या आणि त्यांच्यामागून खाली राहिलेल्या लग्नाचा शेवट: जेवणाच्या पंगती आणि रुखवताचे टेबल.

आता तारखेचा प्रश्न आला. काका सांगतात म्हणून मी मानणे वेगळे आणि संग्रहाच्या नोंदीत लिहिणे वेगळे. चित्राच्या कोपऱ्यात तारीख उमटलेली होती, पण ती १ जानेवारी होती! कॅमेऱ्याच्या घड्याळाचा छोटा सेल संपलेला असला की मोठी बॅटरी काढताच घड्याळ पुन्हा पहिल्या दिवसाच्या मध्यरात्रीवर येते. दोन दिवस मी त्या तारखेला शिव्या घातल्या आणि मग लक्षात आले की चुकीच्या घड्याळातले अंतर बरोबर असते. मिरवणुकीच्या पहिल्या दृश्यावर रात्रीचे १ वाजून २ मिनिटे आहेत आणि ऊन तिरपे पडलेले आहे. घड्याळात पावणेदोन होईपर्यंत आकाश काळवंडून ट्यूबलाइट लागतात. सकाळच्या पहिल्या दृश्यावर त्याच १ जानेवारीचे दुपारचे १ वाजून ५५ मिनिटे आहेत. दोहोंमध्ये बारा तास त्रेपन्न मिनिटे. त्या अक्षांशावर सप्टेंबरअखेर सूर्य सव्वासहाच्या सुमारास उगवतो आणि सव्वासहाच्याच सुमारास मावळतो. मिरवणूक संध्याकाळी पावणेसहानंतर सुरू झाली असे धरले तर सकाळचे चित्रण पावणेसातच्या आगेमागे येते आणि भिंतींच्या उरलेल्या तुकड्यांवर पडलेले कोवळे ऊन त्याला दुजोरा देते. घड्याळ मध्ये कुठेही शून्यावर गेले नव्हते, म्हणजे बॅटरी काढली गेली नव्हती, म्हणजे मिरवणूक आणि ढिगारे एकाच रात्रीच्या दोन टोकांचे होते. काकांना विचारले तेव्हा ते म्हणाले, “रात्री येऊन तसाच झोपलो, बॅटरी चार्जिंगला लावायची राहिली.”

त्या चार मिनिटांत काय आहे ते मी इथे लिहिणार नाही. नोंदवहीत पाच ओळी आहेत आणि तेवढ्या पुरे आहेत.

मिरवणुकीतल्या माणसांची ओळख पटवण्याचे काम पुढचे वर्षभर चालले. पहिली मदत आवाजाने केली. लेझीम आणि हलगीच्या मधूनमधून लाउडस्पीकरवर वर्गणीदारांची नावे पुकारली जात होती, “अमक्या पाटलांकडून अकरा रुपये, तमक्यांकडून एकवीस रुपये, मंडळ आभारी आहे.” हेडफोन लावून ऐकता ऐकता सत्तावीस नावे उतरवून निघाली. ती यादी घेऊन मी नव्या वसाहतीत गेले. आधी घरोघर जाऊन चित्रणात काय आहे आणि काय दाखवणार नाही हे सांगितले, मोठा पडदा आणि गर्दी टाळली, आणि समाजमंदिराच्या ओसरीवर दुपारच्या वेळी चार-पाच जणांना लॅपटॉपवर फक्त विसर्जनाचा भाग दाखवू लागले.

लोक प्रथम माणसे ओळखतील असा माझा अंदाज होता. त्यांनी घरे ओळखली. लेझमीचा ताफा पुढून जात असताना त्यांची बोटे मागच्या भिंतीवर होती. दोन वयस्कर भाऊबंद वेशीतला पिंपळ डावीकडे होता की उजवीकडे यावर बरीच वर्षे भांडत होते असे कळले, आणि पिंपळ सोळाव्या मिनिटाला उजवीकडे निघाला. एका आजींनी चित्र थांबवायला सांगितले. पडद्याच्या अगदी कडेला, ट्यूबलाइटच्या खांबापाशी, एका म्हशीचे ढुंगण आणि शेपूट तेवढे दिसत होते.

“ही आमची. हितंच बांधायचे हिला.”

“घर कोणतं आजी तुमचं?”

“घर दिसंना. पर म्हस हितं हाय म्हंजे घर ह्या अंगाला आसंल की.”

त्या म्हशीमुळे खांब ठरला, खांबामुळे बोळ ठरला आणि बोळामुळे आणखी सहा घरे नकाशावर बसली. लेझीम खेळणाऱ्या अकरा मुलांपैकी नऊ जणांची नावे मिळाली. त्यांतले चार जण त्या रात्रीनंतर नव्हते. ज्या घरांत एकही फोटो उरला नव्हता त्या घरांना मी चौकटी काढून छापून दिल्या, एकूण चौदा. व्हीएचएसची चौकट पोस्टकार्डापेक्षा मोठी केली की चेहरा विरतो, म्हणून पोस्टकार्डाएवढ्याच दिल्या. एका दादांनी आईचा फोटो भिंतीवर लावण्यासाठी मोठा करून मागितला. मी समजावून नाही म्हटले. त्यांनी तो बाहेरून मोठा करून आणला, चेहरा विरलेलाच आहे आणि तोच भिंतीवर आहे, आणि माझा नियम बरोबर होता की चूक याबद्दल मला आजही खात्री नाही.

हक्कांचा गुंता याहून कमी नव्हता. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार कुणाच्या सांगण्यावरून मोबदला घेऊन चित्रण केले असेल तर वेगळा करार नसल्यास त्याचा पहिला मालक ते करवून घेणारा असतो. म्हणजे एका कॅसेटवर तीन मालक: विसर्जनाचे मंडळ, सकाळच्या चार मिनिटांचे स्वतः काका आणि उरलेल्या लग्नाचे वऱ्हाड. मंडळाच्या हयात असलेल्या तिघांनी एका साध्या कागदावर सह्या करून संशोधनासाठी आणि गावात दाखवण्यासाठी परवानगी दिली, व्यापारी वापराला दिली नाही, आणि मी ती मागितलीही नाही. मध्यंतरी एका वाहिनीच्या माणसाने ‘सकाळचा भाग’ दुप्पट दराने मागितला. ही बातमी त्याच्यापर्यंत कशी गेली ते मला कळले नाही. काकांनी लिहून दिले आहे की ती चार मिनिटे त्यांच्या हयातीत कुणाला दाखवू नयेत आणि त्यानंतर त्यांच्या भाच्याने ठरवावे. त्या भागाची फाइल वेगळी काढून कुलूपबंद ठेवली आहे. बाकीच्या प्रती लातूर आणि पुणे अशा दोन ठिकाणी दोन हार्ड डिस्कवर आणि तिसरी एलटीओ फितीवर, म्हणजे संगणकाच्या फाइली दीर्घकाळ साठवण्याच्या चुंबकीय फितीवर, आहे, आणि दर सहा महिन्यांनी चेकसम, म्हणजे फाइलवरून काढलेला तिचा ओळख-आकडा, ताडून बाइटचा फरक पडला नाही ना ते मी पाहते.

ट्रंकेतल्या उरलेल्या बासष्टपैकी एकोणीस कॅसेटी आतापर्यंत उतरवून झाल्या आहेत आणि त्यांत तीन गावांचे परण्ये आहेत. पहिल्या कॅसेटच्या शेवटी असलेल्या लग्नातील नवरा-नवरी मात्र अजून सापडलेले नाहीत. डब्यावर दोघांची फक्त पहिली नावे आहेत, आणि काकांच्या वहीत त्यांच्यापुढे साडेतीनशे रुपये बाकी असल्याचे लिहिले आहे. गावाचे नाव होते तिथे ओल लागून शाई पसरली आहे.